लहान्या का बोलत नाही?

गुन्ह्याचा सिनेमा आपल्या सगळ्यांनाच आवडतो. थोड्या पैशात उरकलेला इंग्रजी असो की आपल्याकडचा. खून होतो, इन्स्पेक्टर येतो, माग काढतो, शेवटी खुनी सापडतो. आपण घरी येतो. जगात न्याय आहे असं वाटतं आणि झोप चांगली लागते.

गोविंद निहलानींचा 'आक्रोश' १९८० साली आला, तो ही झोप मोडणारा. दिग्दर्शक म्हणून त्यांचा हा पहिलाच सिनेमा, पटकथा विजय तेंडुलकरांची. लहान्या भिकू हा आदिवासी बायकोच्या खुनाच्या आरोपाखाली तुरुंगात आहे. ओम पुरीनं तो उभा केलाय. सरकारनं त्याला वकील दिलाय, भास्कर कुलकर्णी. वकील डोकं आपटून घेतो, अरे बोल, तुला वाचवायला आलोय. लहान्या गप्प. जंगलाचा ठेकेदार, पुढारी, पोलीस अधिकारी, डॉक्टर हे सगळे क्लबात बसून पत्ते कुटतात. लहान्याच्या नागीवर बलात्कार करून तिला संपवणारे याच गोतावळ्यातले. म्हणजे खून कुणी केला हे इथं कोडंच नाही. लहान्या बोलत का नाही, हे कोडं.

माझा प्रश्न त्याच्या पुढचा आहे. ज्याच्यावर अन्याय झाला त्यानं बोललंच पाहिजे, असं बंधन त्याच्यावर आहे काय?

"आपलीच माणसं तोंड उघडत नाहीत, म्हणून मार खातात." वाशिंदपासून मुरबाडपर्यंत कुठल्याही मीटिंगला जा, हे वाक्य ऐकायला मिळतं. त्यातला राग खरा आहे. हिशेब खोटा आहे. आमच्याकडचा कातकरी बघा. वीटभट्टीची उचल घेतो आणि पावसाळा सरला की बायकापोरांसकट भट्टीवर राहायला जातो. वेठबिगारी १९७६ च्या कायद्यानं बंद झाली. पण उचल माणसाला कशी बांधून ठेवते, ते कायद्याच्या पुस्तकात दिसत नाही. आपण जातो, वही काढतो, विचारतो, मारलं का रे? तो म्हणतो, "काय नाय झाला, दादा." मालकाचा माणूस पाच पावलांवर उभा असतो. आपण वही मिटतो, रातची लोकल धरतो आणि घरी येऊन जेवतो. तो तिथंच असतो. बोलण्याची किंमत कोण चुकवणार हे त्याला आपल्यापेक्षा नीट कळतं. ह्याला भित्रेपणा म्हणायचं? मी म्हणणार नाही.

संविधानाचं कलम २०(३) सांगतं, आरोपीला स्वतःविरुद्ध साक्ष द्यायची सक्ती करता येणार नाही. म्हणजे गप्प राहणं हा हक्क आहे. पण ज्याचं बोलणं ऐकलं जातं, त्याच्याच गप्प राहण्याला हक्क म्हणता येतं. बोलता येत असून न बोलणं निराळं, बोलून काही होणार नाही म्हणून न बोलणं निराळं. मौनालाही जात असते.

आणि खालच्याच्या मौनाचा अर्थ वरचेच लावतात. तेव्हाच्या चंद्रपूर जिल्ह्यात, देसाईगंजच्या पोलीस चौकीत १९७२ साली एका आदिवासी मजूर पोरीवर अत्याचार झाला. १९७८ मध्ये सुप्रीम कोर्टानं दोन्ही पोलिसांना सोडलं. अंगावर झटापटीच्या खुणा नाहीत, म्हणजे तिची संमती, असा अर्थ लावला. १९७९ साली कायद्याच्या चार प्राध्यापकांनी कोर्टाला उघडं पत्र लिहिलं, बाया रस्त्यावर आल्या. १९८३ साली कायदा बदलला. पोलिसाच्या ताब्यातल्या बाईनं 'माझी संमती नव्हती' म्हटलं, की कोर्टानं तेच धरून चालायचं, असं आलं. त्या पोरीला त्याचा काही उपयोग झाला नाही. पण तिच्या मागनं येणारीच्या शब्दाला वजन आलं, ते बाहेरच्यांनी आवाज केला म्हणून.

आता सिनेमातला सरकारी वकील दुसाने बघा. अमरीश पुरी. तो स्वतः आदिवासी. रात्री फोनवर त्याला जातीवरनं शिव्या मिळतात. त्या तो गिळतो आणि सकाळी कोर्टात लहान्याच्या विरुद्ध उभा राहतो. भास्करचा गुरूही तोच. ह्याच्याकडं पदवी आहे, कोट आहे, ऐकणारा जज्ज आहे. १८ मार्च १९५६ ला आग्र्यात बाबासाहेबांनी शिकलेल्यांबद्दल जे दुःख सांगितलं, ते दुसानेला बघताना आठवतं. बोलण्याचं कर्ज सगळ्यांवर सारखं नसतं. बोलून ज्याचं कमी जातं, त्याच्यावर ते जास्त. लहान्याचं मौन मी समजू शकतो, दुसानेचं माफ करू शकत नाही.

पण शेवटाला मी लहान्याच्याही बाजूला नाही. बाप मरतो. बेड्या घातलेल्या लहान्याला चितेपाशी आणतात. नागीची वाट लावणाऱ्यांची नजर आता आपल्या कोवळ्या बहिणीवर आहे, हे त्याला दिसतं. तो कुऱ्हाड उचलतो आणि बहिणीलाच मारतो. मग ओरडतो. लोक म्हणतात, तिला नरकातून सोडवलं. तिला कुणी विचारलं? लहान्याला वकिलानं निदान विचारलं तरी. ठेकेदार पाच पावलांवर आणि कुऱ्हाड पोरीवर! वरच्यापुढं तोंड बंद केलेल्या माणसाचा हात घरातल्या बाईवर पडतो, हे आपल्या वस्त्यांतही रोज दिसतं. त्याची दया येते. पण त्याला न्याय म्हणू नका.

३१ जानेवारी १९२० ला बाबासाहेबांनी पाक्षिक काढलं, त्याचं नाव 'मूकनायक' ठेवलं. मुक्यांना मुके म्हणून झापलं नाही, त्यांच्यासाठी छापायची जागा केली.

तेव्हा भट्टीवर जाल, तर वही उघडण्याआधी आपसात विचारा. बोलला तर हा आज रात्री निजणार कुठं? उचलीचं काय? सकाळी पोलीस ठाण्यात त्याच्याबरोबर कोण उभं राहणार? आपल्यातला एक जण त्या रात्री तिथं मुक्काम करणार असेल, तरच वही उघडा.