दिवस कोणी मोजायचे?

कोलकात्यात भवानीपुरातल्या एका जुन्या घराच्या जिन्याखाली थंडीत एक भटकी कुत्री येऊन राहिली. पोट जमिनीला टेकायला आलेले, सड दुधाने भरलेले. घरातल्या मराठी काकूंनी पोते अंथरले, रोज दूधभात ठेवला. सकाळी उठल्या की आधी वाकून बघायच्या, व्याली का? आठवडा उलटला, तरी नाही. शेजारी म्हणाले, रस्त्यावरचा जीव आहे, निसर्ग बघून घेईल. दुसऱ्या कोणी कळांचे इंजेक्शन आणून देऊ केले. काकूंचा मला फोन आला, ‘तिचे दिवस उलटून गेले असतील का रे?’

दिवस उलटले असे म्हणायला ते कोणीतरी मोजलेले असावे लागतात. कुत्रीचे गाभणपण सुमारे ६३ दिवसांचे. संयोगापासून मोजले तर ५८ ते ७२, कारण वीर्य तिच्या पोटात कित्येक दिवस टिकते. पोटात एकच पिल्लू असेल, तर कधीकधी कळाच सुरू होत नाहीत. या कुत्रीची पहिली तारीख कोणालाच ठाऊक नव्हती.

निसर्गाचे म्हणाल, तर कोलकात्याजवळच्या ‘आयसर’ या विज्ञानसंस्थेतल्या अनिंदिता भद्रा आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी भटक्या कुत्र्यांच्या ९५ वेतांतली ३६४ पिल्ले जन्मापासून पाहिली. २०१६ साली त्यांनी लिहिले, वयात येईपर्यंत त्यातली फक्त १९ टक्के जगली, आणि ६३ टक्के मृत्यूंमागे माणूस होता. आपली वाहने, आपले विष, आपली मारहाण. जिन्याखाली येणारी कुत्री आपल्याच भरवशावर येते. तिला निसर्गावर सोडणे म्हणजे आपण तोंड फिरवणे, असे मला वाटते.

इंजेक्शनची घाईही तितकीच वाईट. पिल्लू अडलेले असेल तर त्या इंजेक्शनने गर्भाशय फाटू शकते.

काकूंनी टॅक्सी केली आणि तिला बेलगाछियाला नेले. तिथले पशुवैद्यकीय महाविद्यालय १८९३ पासूनचे. सोनोग्राफीत पिल्लांची काळजे धडधडताना दिसली. डॉक्टर म्हणाले, थांबा, पण लक्ष ठेवा. एरवी १०१च्या आसपास असणारे तिचे तापमान ९९च्या खाली उतरले, की दिवसभरात व्यायची. पिल्लू बाहेर येण्याआधीच हिरवट-काळा स्राव दिसला, किंवा अर्धा तास जोराच्या कळा येऊनही पिल्लू आले नाही, तर रात्र असो की पहाट, तसेच घेऊन या.

काकू दोन रात्री थर्मामीटर घेऊन जिन्यावर बसल्या. थांबायचे त्यांनाही होतेच, शेजाऱ्यांसारखेच. फक्त त्या बघत थांबल्या.

तिसऱ्या पहाटे पाच पिल्ले झाली. एक मेलेले निघाले, चार दूध पिताहेत. काकूंनी कालनिर्णयवर दोन महिन्यांपुढच्या एका तारखेला खूण केली आहे. पिल्ले दूध सोडतील, मग त्या दिवशी तिला निर्बीजीकरणाला न्यायचे आहे.