या शेवटल्यालाही

मत्तयकृत शुभवर्तमानाच्या २० व्या अध्यायातील द्राक्षमळ्याचा दाखला आपण पुष्कळदा ऐकला आहे. शेवटच्या तासाला कामावर आलेल्यांनाही धन्याने पूर्ण दिवसाची मजुरी दिली. आयुष्याच्या संध्याकाळी पश्चात्ताप करणाऱ्यालाही देवाची कृपा उणी पडत नाही, असा अर्थ उपदेशपीठावरून बहुधा सांगितला जातो. अर्थ खरा आहे. पण त्यात बाजारात दिवसभर रिकामा उभा असलेला मनुष्य हरवतो.

तो मनुष्य आजही उभा आहे. बंगळूरचा सर्जापूर रोड कोरमंगलाकडून निघून इब्लूर, दोड्डकन्नेल्ली मागे टाकीत सर्जापूर गावाकडे जातो. शेते होती तेथे आता संगणक-कंपन्यांच्या कचेऱ्या व उंच इमारती आहेत. त्या बांधण्यासाठी उत्तर कर्नाटकातून, बंगाल-ओडिशातून आलेली माणसे पत्र्याच्या खोपटांत राहतात. सकाळी नाक्यावर मुकादमाची वाट पाहणाऱ्यांपैकी ज्याला दुपारपर्यंत कोणी नेले नाही, त्याला का उभा आहेस म्हणून विचारावे; उत्तर दाखल्यातलेच मिळेल.

हा दाखला मजुरीचाच दाखला म्हणून वाचण्याचे धाडस इंग्रज कलासमीक्षक जॉन रस्किन यांनी केले. १८१९ साली लंडनमध्ये, मद्याच्या एका सधन व्यापाऱ्याच्या घरी त्यांचा जन्म झाला. आई त्यांच्याकडून पवित्र शास्त्र उत्पत्तीपासून प्रकटीकरणापर्यंत वाचून घेई, आणि संपले की पुन्हा उत्पत्ती! पुढे ‘द स्टोन्स ऑफ व्हेनिस’ या ग्रंथात जुन्या मंदिरांच्या कोरीव दगडांविषयी लिहिताना, तो दगड घडविणारा हात स्वतंत्र होता की गुलाम, हा प्रश्न त्यांनी मांडला. कलेकडून कारागिराकडे ते असे वळले.

१८६० साली ‘कॉर्नहिल’ मासिकात त्यांची अर्थकारणावरील लेखमाला सुरू झाली. वाचक इतके खवळले की संपादक थॅकरे यांना चार लेखांनंतर ती थांबवावी लागली. १८६२ साली ते लेख ‘अन टू धिस लास्ट’ या नावाने ग्रंथरूप झाले. हे नाव म्हणजे द्राक्षमळ्याच्या धन्याच्या तोंडचेच शब्द होत. ग्रंथारंभी त्यांनी आणखी एक शास्त्रवचन घातले, जखऱ्यातील तीस रौप्य नाण्यांचे. मजुरीच्या चर्चेच्या दाराशी तीस नाणी ठेवणारा लेखक वाचकाला सुखाने बसू देणार नव्हता, हे उघड आहे.

त्यांचे म्हणणे असे. आजारपणात आपण स्वस्तातला वैद्य शोधीत नाही, पाळकाशीही घासाघीस करीत नाही. मग एका कामासाठी दोन गरजू दाराशी आले म्हणून त्यांपैकी एकाला अर्ध्या मजुरीवर घ्यावे, याला न्याय कसे म्हणावे? कामाचा मोबदला ठरलेला असावा. निवड चांगल्या कारागिराची खुशाल करावी, पण कोणाच्या भुकेचा भाव करू नये. आपल्या मुलावर हीच वेळ आली असती तर त्याला जसे वागविले असते, तसे मालकाने प्रत्येक नोकराला वागवावे.

वाचकहो, आपण धनी नाही असे म्हणून आपली सुटका होत नाही. भांडी घासणाऱ्या बाईचे आजारपणातले खाडे कापताना, किंवा मंदिराच्या शिपायाचा पगार पंचांच्या बैठकीत ठरविताना, याच पैशांत दुसरा मिळेल असे आपल्यापैकीच कोणीतरी म्हणतो. अडवून ठेवलेली मजुरी ओरडते, असे याकोबाने लिहिले ते मंडळीतल्या लोकांनाच.

रस्किन यांना संत मात्र करू नये. १८५७ च्या उठावानंतर भारतीयांविषयी त्यांनी जे लिहिले ते आपल्याला वाचवत नाही. आणि तरीही त्यांचे पुस्तक मनापासून ऐकले ते एका भारतीयाने! १९०४ साली जोहान्सबर्गहून दरबानला जाताना गांधीजींनी ते आगगाडीत वाचले. हेन्री पोलॉक यांनी ते त्यांच्या हाती दिले होते. त्या रात्री त्यांना झोप आली नाही. लवकरच ‘इंडियन ओपिनियन’चा छापखाना फिनिक्स येथील शेतावर हलला. वर्ण वा देश न पाहता प्रत्येकाने महिना ३ पौंड घ्यावेत, अशी योजना होती. सर्व कामगारांना काही ती पटली नाही. पण छापखाना जाईल तेथे यावयास ते तयार झाले.