करड्या माणसांची बँक

मिखाएल एंडे यांच्या ‘मोमो’ या १९७३ सालच्या जर्मन कादंबरीत करड्या कपड्यांतला एक माणूस फुसी नावाच्या न्हाव्याच्या दुकानात शिरतो आणि समोरच्या आरशावरच हिशेब मांडतो. सत्तर वर्षांचं आयुष्य म्हणजे २२० कोटी ७५ लाख २० हजार सेकंद. मी सहकारी बँकेत ठेव विभागात नोकरी केली, त्यामुळे गोष्ट बाजूला ठेवून आधी गुणाकार पडताळला. बरोबर आहे. फक्त लीप वर्षं धरलेली नाहीत. सत्तर वर्षांत ती सहसा निदान सतरा येतात, म्हणजे फुसीचे सुमारे पंधरा लाख सेकंद सुरुवातीलाच गहाळ. आमच्या ऑडिटरने यावर शेरा मारल्याशिवाय सोडलं नसतं.

मग तो माणूस वजाबाकी करतो. झोप गेली, काम गेलं, बहिऱ्या आईजवळ रोज बसून गप्पा मारण्याचा तास गेला, अपंग दारियाबाईंना रोज फूल नेऊन देण्याचा अर्धा तास गेला. हे सगळं वाचवा, वेळ-बचत बँकेत ठेवा, दर पाच वर्षांनी दुप्पट करून देऊ, असं तो सांगतो. पाच वर्षांत दुप्पट म्हणजे चक्रवाढीने वर्षाला पंधरा टक्क्यांच्या आसपास. असा दर ऐकून आलेल्या ठेवीदाराला मी म्हटलं असतं, काका, पैसे घेऊन सरळ घरी जा. फुसी मात्र कबूल होतो. माणूस निघून गेल्यावर तो आला होता हेही त्याला आठवत नाही. वेळ वाचवायचा निश्चय तेवढा शिल्लक राहतो, आणि तो आपलाच आहे असं त्याला वाटतं. खातेदाराला खातंच आठवत नसेल, तर पैसे काढायला येणार कोण?

वेळ विकता येतो का, हा प्रश्न एंडेंच्या पुष्कळ आधीचा. तेराव्या शतकातल्या इंग्लंडमध्ये थॉमस ऑफ चोबम या ख्रिस्ती धर्मपंडिताने व्याजाविरुद्ध युक्तिवाद केला तो असा: कर्ज देणारा खरं तर वेळ विकतो, आणि वेळ देवाचा आहे. दुसऱ्याची वस्तू विकणं ही चोरी. त्याआधी ११७९ साली लॅटरन इथल्या धर्मपरिषदेने उघड व्याजबट्टा करणाऱ्यांना ख्रिस्ती दफनही नाकारलं होतं. वाचून मला जरा राग आला, कारण निवृत्तीवेतन मी याच धंद्यातून घेते. रोजंदारीवरचा मजूर दिवस विकतोच की! त्याला नरक का नाही? चोबमच्या बाजूने उत्तर देता येतं: मजूर स्वतःचा दिवस खर्ची घालतो, व्याज घेणारा मात्र सगळ्यांवर सारख्याच उगवणाऱ्या दिवसाचे पैसे घेतो. हे मला अर्धंच पटतं. मूठभर बियाणं पेरणीआधी मिळणं आणि सुगीनंतर मिळणं यांत फरक असतो, आणि त्या फरकाचं मोल देवाने नव्हे, शेतकऱ्याने ठरवलेलं असतं.

आपल्या धर्मशास्त्रकारांनी ही पेढी बंद केली नाही. मनूने व्याज मान्य केलं, पण त्यावर दामदुप्पटीची मर्यादा घातली: एका वेळी वसूल होणारं व्याज मुद्दलाहून जास्त होता कामा नये. मुंबई इलाख्यातल्या न्यायालयांनीही हिंदू ऋणकोंसाठी हा नियम पाळला. मला यात चोबमपेक्षा खोल समज दिसते. चक्रवाढीच्या कोष्टकाला मरण नसतं, कर्जदाराला असतं. हा नियम लावला असता तर करड्या माणसाची दुपटीवर दुप्पट पाचव्या वर्षीच अडली असती.

अर्थात पळवाट सापडलीच. १८५९च्या मुदतीच्या कायद्याने कर्जरोख्यांच्या दाव्याला तीन वर्षांची मर्यादा घातली. हेतू कुळांच्या रक्षणाचा होता. सावकारांनी तीन वर्षं भरत आली की नवं खत लिहून घ्यायला सुरुवात केली, आणि थकलेलं व्याज नव्या खतात मुद्दल होऊन बसलं. दुपटीची मोजणी पुन्हा पहिल्यापासून! १८७५च्या मे महिन्यात पुणे जिल्ह्यातल्या सुप्याला शेतकरी सावकारांवर चालून गेले, तेव्हा त्यांचा रोख मुख्यतः खतं आणि चोपड्यांवर होता. ती त्यांनी जाळली. कशाने आपली वर्षं खाल्ली हे त्यांना फुसीपेक्षा चांगलं ठाऊक होतं.

‘मोमो’मधला माल मात्र जळण्यासाठीच असतो. माणसाच्या प्रत्येक घटकेचं एक फूल. करडी माणसं ते चोरतात, पाकळ्या वाळवतात आणि त्यांचे चिरूट करून ओढतात. चिरूट विझला की माणूस नाहीसा. म्हणजे वेळ साठवायचा तर आधी मारावा लागतो. महाभारतातल्या ययातीचा व्यवहार याच्या अगदी उलट. शुक्राचार्यांच्या शापाने आलेलं म्हातारपण तो मुलांना देऊ करतो. चौघे नकार देतात, पुरू घेतो. हजार वर्षं वापरलेलं तारुण्य त्याला न झिजता परत मिळतं, वर राज्य. बिनतारणाचं कर्ज, मुद्दल चोख, व्याज घसघशीत! तरी बापाने मुलाकडे हे मागावं का, याचं उत्तर त्या हिशेबात सापडत नाही.

माझ्या काउंटरवर चौऱ्याऐंशी वर्षांचे एक गृहस्थ दहा वर्षांची मुदत ठेव करायला आले होते. ज्येष्ठांना अर्धा टक्का जास्त मिळतो. ज्याच्याजवळ वेळ कमी त्याच्या वेळेला भाव अधिक, हे कोणत्या शास्त्रात बसतं कोण जाणे. शेजारचा कारकून हळूच हसला. मी एखादं वर्षच ठेवा असं सुचवून पाहिलं. “ताई, माझं नाही हो,” ते म्हणाले, “वारस म्हणून नातीचं नाव घाला. दहा वर्षांनी तिला लागतील.” नियम त्यांनी चष्मा पुसून सगळे वाचले. मुदतीआधी ठेव मोडली तर एक टक्का कापतात, इथे बोट ठेवून त्यांनी विचारलं, “आणि मुदतीआधी मीच मोडलो तर?”

“मग दंड नाही,” मी म्हटलं.

“मग ठीक आहे,” म्हणाले, आणि सही केली.