रयत कुठे आहे?

आमचे गोरेगाव सेनगाव तालुक्यात आणि नरहर कुरुंदकरांचे कुरुंदा वसमत तालुक्यात. दोन्ही आज हिंगोली जिल्ह्यात. नांदेडच्या पीपल्स कॉलेजात शिकवणाऱ्या कुरुंदकरांनी रणजित देसाईंच्या ‘श्रीमान योगी’ला दीर्घ प्रस्तावना लिहिली. गावोगाव ही कादंबरी भक्तिभावाने वाचली जाते, पण प्रस्तावनेची पाने उलटून अनेक जण थेट कथेकडे वळतात. मोलाचा प्रश्न मात्र त्या पानांतच आहे. 1680 मध्ये शिवाजी महाराज गेले, 1689 मध्ये संभाजीराजे मारले गेले. तरीही 1707 पर्यंत मराठे औरंगजेबाशी कशाच्या बळावर झुंजली? कुरुंदकरांनी उत्तर लढायांच्या वर्णनात शोधले नाही, राज्यकारभारात शोधले: हे राज्य रयतेला आपले वाटत होते.

मग आपल्या कादंबऱ्यांत ही रयत कुठे आहे? दुसऱ्या देशांच्या कादंबऱ्या शेजारी ठेवल्या की या प्रश्नाला धार चढते. व्हिक्टर ह्यूगोने 1831 मध्ये पंधराव्या शतकातले पॅरिस उभे केले. त्यात राजा अकरावा लुईही येतो, पण मनात घर करतो तो नोत्र दामच्या घंटा वाजवणारा कुबडा क्वासिमोदो. चीनची ‘तीन राज्ये’ चौदाव्या शतकातल्या लुओ ग्वानझोंगच्या नावावर आहे. तिच्यातला एक प्रसंग पाहा. शत्रूची मोठी फौज चालून येते आणि झूगे लियांगजवळ मूठभर सैनिक. तो वेशीचे दरवाजे सताड उघडतो, सैनिकांना साध्या वेषात रस्ते झाडायला लावतो आणि स्वतः तटावर शांतपणे वाद्य वाजवत बसतो. आत दगाफटका असणार, या शंकेने शत्रू माघारी फिरतो. इतिहासकार हा प्रसंग खरा मानत नाहीत. लोकांच्या स्मरणातला झूगे लियांग मात्र असाच आहे. कादंबरी समाजाची स्मृती घडवते, म्हणूनच तिची जबाबदारी मोठी.

आपल्याकडे ‘स्वामी’ (1962), ‘श्रीमान योगी’ (1968), ‘छावा’ (1979) यांच्या केंद्रस्थानी खुद्द पेशवा किंवा छत्रपती आहेत. या कादंबऱ्यांनी घराघरात इतिहासाची ओढ लावली, हे ऋण मोठे आहे. पण जिच्या बळावर राज्य तरले, ती रयत त्यांत कडेला उभी राहते. हरिभाऊ आपट्यांच्या ‘उषःकाल’मध्ये शिवकाळ एका किल्लेदाराच्या घरातून दिसतो, म्हणजे राजवाड्याबाहेरून इतिहास पाहण्याची वाट मराठीला अगदीच परकी नव्हती.

अशा तौलनिक अभ्यासाचे खरे काम हेच आहे. कोण श्रेष्ठ ते ठरवण्यासाठी तो करायचा नसतो. आपले कोणाकडे पाहायचे राहून गेले, ते त्यातून कळते. आपल्याच भागाचे पाहा: मराठवाडा 17 सप्टेंबर 1948 पर्यंत निजामी राजवटीत होता. त्या काळातल्या शेतकऱ्याच्या, सालगड्याच्या घरातून तो इतिहास कसा दिसत होता, हे आपल्या पोरांनी विचारायला हवे. आमच्या जिल्ह्यातल्या मराठीच्या वर्गांत ‘श्रीमान योगी’ तिच्या प्रस्तावनेसह, ह्यूगो आणि ‘तीन राज्ये’ यांच्या जोडीने शिकवली जावी. कुरुंदकरांचा प्रश्न त्यांच्याच मातीतल्या मुलांनी पुढे न्यायचा आहे.