न निवडलेलें जिणें

आयर्लंडच्या पश्चिम टोकास समुद्रांत ब्लास्केट नांवाचीं बेटें आहेत. त्यांतील मोठ्या बेटावर १९५३ पर्यंत कोळ्यांची वस्ती होती. तेथें डॉक्टर नव्हता, धर्मगुरु नव्हता. हिंवाळ्यांत समुद्र खवळला कीं किनाऱ्याशीं संबंध तुटे. या बेटावर १८९२ सालीं पेग सेयर्स ही तरुणी लग्न होऊन आली. तिला वास्तविक जावयाचें होतें अमेरिकेस. मैत्रिणीनें वाटखर्च धाडण्याचें वचन दिलें होतें, पण तें फळास आलें नाहीं. पुढें एका रात्रीं तीन पुरुष तिच्या बापाकडे सोयरीक घेऊन आले, तेव्हां त्यांतील आपला भावी पति कोणता हेंहि तिला ठाऊक नव्हतें! अकरा मुलें झालीं, त्यांतलीं सहाच वाढलीं. त्यांपैकींहि एक मुलगा १९२० सालीं कड्यावरून पडून मेला. तिनें सांगितलेलें व मुलानें लिहून घेतलेलें आत्मवृत्त १९३६ सालीं प्रसिद्ध झालें. त्यांत तक्रार थोडी, ईश्वरेच्छेचा स्वीकार फार.

हें पुस्तक (भाषांतररूपानें, अर्थात्) मी वर्गांत पुष्कळ वर्षें धैर्याचा आदर्श म्हणून शिकवीत आलों. एकदां एका विद्यार्थिनीनें विचारलें, "सर, दुसरी वाटच नसेल तर त्याला धैर्य कां म्हणावयाचें?" मी निरुत्तर झालों, हें कबूल केलें पाहिजे.

आतां मला वाटतें कीं, येथें आपण दोन गोष्टींची गल्लत करतों. पेगनें आपल्या प्रारब्धाला जें रूप दिलें, तिच्या त्या शेंकडों कथा, ती सांगण्याची हातोटी, तें सर्वस्वीं तिचें. ती बिचारी फसलेली होती असें म्हणणें म्हणजे तिनें स्वतः मिळविलेलें तेवढेंच धन हिरावून घेणें होय. पण तिच्या समाधानाचें पुण्य आपण ज्या रूढीच्या पदरीं घालतों, त्या रूढीचा त्यावर काडीचाहि हक्क नाहीं. समाधान म्हणजे संमति नव्हे. संमति आधीं विचारावी लागते, आणि पेगला ती कोणीं विचारली नव्हती.

ज्यांना निवड करतां आली त्यांनीं काय केलें? बेटावरील तरुण मुली अमेरिकेस निघून गेल्या. तरुणांना वधू मिळेनात, शाळा बंद पडली, आणि शेवटीं उरलेल्या बावीस माणसांना सरकारनें मुख्य भूमीवर आणलें. त्या लोपलेल्या संस्कृतीबद्दल आम्ही विद्वान् मंडळी हळहळतों. हळहळावें, पण डोंगरावरचें जळण आणि विहिरीचें पाणी आम्हांला वाहावयाचें नव्हतें. पेगचीं मुलेंहि एकामागून एक अमेरिकेस गेलीं. एक परतला, त्यानेंच आईचें वृत्त लिहून घेतलें. १९४२ सालीं पेग स्वतः बेट सोडून समोरच्या किनाऱ्यावर, आपल्या माहेरगांवीं, राहावयास गेली.