जितकें पाहिलें तितकेंच सांगावें

मनन: निर्गम २०:१६

नववी आज्ञा वाचली म्हणजे कोर्टकचेरी आठवते. शेजाऱ्यावर जो मुद्दाम खोटा आळ घेतो, तोच ती मोडतो, असा पुष्कळांचा समज आहे. परंतु लबाडी मनांत नसतांहि साक्ष बिघडूं शकते. दक्षिण ध्रुवाकडील समुद्रांतल्या एका ओसाड बेटाची हकीकत आम्ही यासाठीं वाचकांपुढें ठेवतों.

या बेटाचें नांव बूवे. आफ्रिकेचें दक्षिण टोंक आणि ध्रुवाभोंवतालचा अंटार्क्टिका खंड यांच्यामध्यें, त्या खंडाच्या किनाऱ्यापासून १,६०० किलोमीटरांहून अधिक दूर, तें एकटेंच उभें आहे. विस्तार अवघा ४९ चौरस किलोमीटर. त्यांतील दहांपैकीं नऊ हिश्श्यांहून अधिक भाग बर्फानें झांकलेला. कडे ताठ, समुद्र खवळलेला. तेथें मनुष्यवस्ती नाहीं; सील, पेंग्विन व समुद्रपक्षी हेच काय ते रहिवासी.

ता. १ जानेवारी १७३९ रोजीं बूवे द लोझिए या फ्रेंच दर्यावर्दीस तें प्रथम दिसलें. तो प्रभु येशूच्या सुंतेच्या सणाचा दिवस, म्हणून दिसलेल्या टोंकास त्यानें ‘सुंतेचें भूशिर’ असें नांव दिलें. धुक्यामुळें त्यास उतरतां आलें नाहीं, कीं भोंवतीं फिरून पाहतां आलें नाहीं. तरी हें एका मोठ्या दक्षिण खंडाचें टोंक असावें, असें त्यानें मानलें. कारण तो खंड शोधावयासच तो निघाला होता. शिवाय त्या काळीं भर समुद्रांत रेखांश अचूक काढण्याचें साधन नव्हतें; म्हणून त्यानें नोंदलेली जागाहि चुकली.

याचें फळ पाहा. इंग्रज कप्तान कुक यानें १७७२ सालीं व पुन्हां १७७५ सालीं त्या भूशिराचा शोध केला. कांहींच सांपडलें नाहीं. तेव्हां बूवेनें बर्फाचा डोंगर पाहिला असावा, असा त्यानें निर्णय दिला. जें खरोखर होतें, तेंहि नाहींसें ठरलें! १८०८ सालीं कप्तान लिंडसे यास तें पुन्हां दिसलें. १८२५ सालीं नॉरिस यानें तें पाहिलें. पण जवळच दुसरेंहि एक बेट असल्याचें कळविलें. तें दुसरें बेट पुष्कळ वर्षें नकाशांत राहिलें, समुद्रांत मात्र सांपडलें नाहीं. शेवटीं १८९८ सालीं, प्रथम दर्शनापासून १५९ वर्षांनीं, ‘वाल्डिव्हिया’ या जर्मन जहाजानें बूवेची खरी जागा ठरविली. १९२७ सालीं नॉर्वेच्या मोहिमेनें तेथें उतरून आपला हक्क सांगितला. आज तें नॉर्वेकडेच आहे.

प्रियजनहो, बूवे लबाड नव्हता. त्यानें पाहिलें तें खरें होतें. पुढें जें जोडलें तें आशेनें जोडलें. मंडळ्यांतहि असें घडतें. प्रार्थनेनंतर एखाद्या घरीं ताप उतरतो, आणि मेलेला उठला अशी वार्ता गांवभर होते. उपासनेस आठ माणसें बसतात, आणि अहवालांत गर्दी लोटते. हेतु चांगला असतो. पण दुसरा कोणी शोध करावयास येतो, तेव्हां त्यास ती गर्दी दिसत नाहीं. मग तो केवळ अतिशयोक्तीच नव्हे, तर त्या घरावर झालेली खरी कृपाहि नाकारतो. त्याच्या अविश्वासाचा कांहीं भार साक्ष देणाऱ्याच्या माथीं येतो.

कुकापासूनहि धडा घ्यावा. आपणांस सांपडलें नाहीं, म्हणजे तें नाहींच, असें घाईनें म्हणूं नये.

यास्तव, उपदेशक बंधूंनो, ‘आम्हीं इतकें पाहिलें, यापुढचें आम्हांस ठाऊक नाहीं,’ असें सांगण्याची लाज धरूं नका. बेट लहान होतें, तरी तें खरें होतें. देवाच्या कृत्यांस आपली भर नको. आपली प्रामाणिक साक्ष पुरे आहे.