घेणे स्वस्त, पोसणे महाग



टोकावडे, सरळगाव, धसई या आमच्या पट्ट्यात आणि पलीकडे शहापूर तालुक्यात तरुण मंडळी भेटली की हल्ली एक प्रश्न हमखास येतो. ‘महाराज, जुनी पण मोठी गाडी मिळतेय. डिझेलची आहे, आलिशान आहे, किंमत अगदी उतरलेली आहे. घेऊ का? माळकऱ्याने अशी गाडी बाळगली तर चालते का?’ विचारणाऱ्यांत शेतकरी असतात, लहानमोठे ठेकेदार असतात आणि वीणा गळ्यात घेऊन नुकते उभे राहू लागलेले कीर्तनकारही असतात. या प्रश्नाला व्यवहाराची बाजू आहे आणि परमार्थाचीही आहे. आपला संप्रदाय प्रपंचात राहून परमार्थ करणाऱ्यांचा, त्यामुळे एक बाजू सोडून दुसरीचा विचार करता येत नाही.

प्रथम हा पैसा आणि ही हौस येते कुठून ते पाहू. शहापूर तालुक्यातून समृद्धी महामार्ग गेला. नागपूरपासून भिवंडी तालुक्यातील आमण्यापर्यंत ७०१ किलोमीटरचा हा रस्ता. त्याचा इगतपुरी ते आमणे हा ७६ किलोमीटरचा शेवटचा टप्पा ५ जून २०२५ रोजी खुला झाला. ज्यांच्या जमिनी त्यात गेल्या, त्यांच्या खात्यात पिढ्यान्‌पिढ्या कोणी पाहिली नव्हती एवढी रक्कम एकदम जमा झाली. काहींनी दुसरीकडे जमीन घेतली, काहींनी घर बांधले, मुलीचे लग्न केले. आणि काहींच्या दारात मोठी गाडी आली.

त्यांना हसू नये. बापजाद्यांचा सातबारा हीच ज्याची गावातली ओळख होती, त्याची जमीन गेली की पैसा हातात येतो पण ओळख जाते. मग आपण अजून कोणीतरी आहोत हे दाखवावेसे वाटते. गाडी पुष्कळदा या दुःखातून येते. ज्याला उपदेश करायचा त्याचे दुःख आधी ओळखावे, अशी संतांची रीत आहे.

आता व्यवहार. आपल्याकडे पौष पौर्णिमेला म्हसा येथे खांबलिंगेश्वराची यात्रा भरते. तिथला गुरांचा बाजार जुन्या माणसांनी पाहिला आहे. बैल आदत आहे, दुसा आहे की चौसा, हे तोंड उघडून पाहायचे. खांद्यावरचा घट्टा पाहायचा. चार पावले चालवून पाय टाकतो कसा ते पाहायचे. पण हे सगळे करण्याच्या आधी घरची म्हातारी माणसे एक प्रश्न विचारीत: माळ्यावर वैरण किती आहे? खिशात पैसा असला आणि माळ्यावर वैरण नसली, तर खिल्लारी जोडी घेऊन माणूस परतत नसे. गावठी बैल घेऊन यायचा आणि त्यात त्याला कमीपणा वाटत नसे.

जुन्या आलिशान गाडीची परीक्षा याच प्रश्नाने करावी. समजा, नवी असताना ८० लाखांची गाडी आज १८ लाखांना मिळते. घेणाऱ्याला वाटते, ६२ लाख वाचले. पण उतरली ती फक्त गाडीची किंमत. तिचा टर्बो, तिचे इंजेक्टर, तिची चाके, तिचे सुटे भाग हे सगळे ८० लाखांच्या गाडीचेच राहिले. ते बसवणारा कारागीर मुरबाडच्या नाक्यावर मिळत नाही, ठाण्या-मुंबईकडे जावे लागते. काही गाड्या लोखंडी पाट्यांऐवजी हवेच्या फुग्यांवर उभ्या असतात. फुगा झिजला की रात्री उभी केलेली गाडी सकाळी एका बाजूला बसलेली सापडते, थकलेल्या बैलासारखी. पहिल्या मालकाने नवेपणाचा थाट भोगला आणि म्हातारपण पोसायची वेळ येताच गाडी विकली. आपण ते म्हातारपण विकत घेतो आणि त्याला थाट समजतो.

अलीकडच्या डिझेल गाड्यांत धूर गाळणारी एक जाळी असते. मेकॅनिक तिला डीपीएफ म्हणतात. इंजिनाची काजळी तिच्यात साठते आणि गाडी लांब पल्ल्याला एका वेगाने धावली की त्या उष्णतेने ती काजळी जळून जाते. पण गाडी जर घरापासून नाक्यापर्यंत, नाक्यावरून लग्नाच्या मांडवापर्यंत एवढीच फिरत असेल, तर जाळी पुरेशी तापत नाही. ती तुंबते, दिवा लागतो, गाडी जोर धरत नाही. म्हणजे मिरवण्यासाठी घेतलेली गाडी मिरवण्यानेच बिघडते! दंभाचे फळ इतक्या रोखठोक दाखवणारा दुसरा दृष्टांत मला सापडलेला नाही.

पुढे काय होते तेही सांगितले पाहिजे. जाळी बदलणे महाग पडते म्हणून काही जण ती आतून कापून टाकतात. गाडी मोकळी पळते आणि काजळी मागून येणाऱ्याच्या, रस्त्याकडेच्या घरातल्या लेकराच्या छातीत जाते. यातल्या बऱ्याच गाड्या दिल्लीकडून येतात. २०१५ साली राष्ट्रीय हरित लवादाने दिल्ली परिसरात दहा वर्षांवरील डिझेल गाड्या चालवण्यास बंदी केली आणि २०१८ साली सर्वोच्च न्यायालयाने ती उचलून धरली. पुढे त्यात फेरबदल होत राहिले, पण त्या भागातल्या जुन्या डिझेल गाड्यांचा भाव त्यामुळेच पडला. दिल्लीच्या लेकरांना जो धूर सोसवत नाही, तो आपल्या लेकरांना सोसवतो असे नाही. जुनी वस्तू वापरणे हा दोष नाही. चांगली वस्तू टाकून न देता वापरणे हे आपल्याकडे शहाणपणच मानले आहे. मात्र जाळी शाबूत ठेवून, धुराची तपासणी खरी करून गाडी चालवावी. ते परवडत नसेल तर ती गाडीच आपल्याला परवडत नाही.

विकणाऱ्यालाही धर्म आहे. मीटर मागे फिरवून सव्वा लाख किलोमीटरची गाडी साठ हजारांची करून दाखवतात. पुरात बुडालेली गाडी धुऊन, पुसून, अत्तर मारून उभी करतात. परराज्यातल्या गाडीचे ना-हरकत प्रमाणपत्र आहे का, कर्जाचा बोजा उतरला आहे का, दंडाची चलने बाकी आहेत का, हे घेणाऱ्याने पाहायचे. पण जे कागदावर दिसत नाही ते विकणाऱ्याने तोंडाने सांगायचे. तुकोबांच्या घरी दुकान होते, सावकारी होती. त्यांनी धंद्याला नावे ठेवली नाहीत. धन चांगल्या मार्गाने मिळवावे आणि त्यात न अडकता खर्च करावे, असेच त्यांनी शिकवले. गाडी विकताना तिचे दुखणे लपवणारा माळकरी एकादशीला उपास करतो, पण त्या उपासाने दुसऱ्याचे बुडालेले पैसे भरून येत नाहीत.

येथपर्यंत शेतकऱ्याचे आणि व्यापाऱ्याचे झाले. आता आम्हा कीर्तनकारांचे.

कीर्तनकाराला वाहन लागते, यात वाद नाही. रात्री अकराला कीर्तन संपते, शेवटची एसटी केव्हाच गेलेली असते. पावसाळ्यात माळशेजच्या घाटात दरड येते, धुक्यात दहा पावले दिसत नाहीत. सोबत मृदंगमणी, टाळकरी, वयस्क चोपदार असतात. अशा वेळी भक्कम गाडी असणे ही चैन नाही. पण भक्कम निराळे आणि भपकेबाज निराळे. तरुण कीर्तनकार सांगतात, ‘महाराज, सप्ताहाची कमिटी आधी गाडी बघते, मग आमची चाल बघते. साध्या गाडीतून उतरलो तर पुढच्या वर्षी बोलावत नाहीत.’ म्हणून तो जुनी आलिशान गाडी हप्त्यांवर घेतो. हप्ता आला, डिझेल आले, वर्षातून दोनदा मोठी दुरुस्ती आली. मग बिदागीचा आकडा वाढतो. मोठ्या गावची कमिटी तो देते. माळावरच्या पाड्यातले लोक भाताच्या सुगीतून घरटी पायली-अधपायली काढून सप्ताह बसवतात. त्यांना तो देता येत नाही. त्यांचा सप्ताह सात कीर्तनांवरून चारांवर येतो आणि एखाद्या वर्षी बसतच नाही.

या ठिकाणी प्रश्नाचे मूळ सापडते. त्या गाडीचा हप्ता महाराजांच्या खिशातून जातो असे दिसते, पण तो भरला जातो पाड्यावरच्या म्हातारीच्या पायलीतून. जिथे कीर्तन करायचे तिथले अन्नदेखील घेऊ नये, इतकी कडक मर्यादा तुकोबांनी आम्हाला घालून दिली आहे. आज ती सर्वांना जशीच्या तशी पाळता येत नसेल, हे मी समजू शकतो. पण निदान आपल्या वाहनामुळे एखाद्या वस्तीचे कीर्तन बंद पडू नये, एवढी तरी मर्यादा राहावी.

मग सिद्धांत काय? वस्तूचा दोष वस्तूत नसतो. ती पोसण्यासाठी कोणाच्या ताटातला घास काढावा लागतो, त्यावरून तो ठरतो. आपल्या संतांनी संपत्ती म्हणून संपत्तीला पाप म्हटले नाही. नाथांच्या वाड्यात अन्नछत्र चाले, त्याला धन लागतच होते. पण शिवाजी महाराजांनी मानाने अबदागिरी, दिवट्या आणि घोडे पाठवले, तेव्हा तुकोबांनी ते परत केले, असे परंपरा सांगते. देणारा थोर होता, वस्तूंत दोष नव्हता. तरी तो मान एकदा घरात आला की त्याला रोज चारा घालावा लागतो, हे तुकोबांना ठाऊक होते.

चांगदेवांची कथा सर्वांना ठाऊक आहे. वाघावर बसून, हातात सापाचा चाबूक घेऊन ते आळंदीला निघाले. समोरून ही चार भावंडे भिंतीवर बसून सामोरी आली. कीर्तनात आपण हा प्रसंग अद्भुत म्हणून रंगवतो. त्यातली साधी गोष्ट मात्र निसटते. वाघाला रोज मांस लागते. भिंतीला काहीच लागत नाही. ज्याचे वाहन जितके खाते, तितका तो वाहनाचा बांधील होतो. चांगदेव वाघावरून उतरले तेव्हाच त्यांना उपदेशाचा अधिकार आला आणि पासष्ट ओव्यांचे पत्र त्यांच्यासाठी लिहिले गेले होते, ते त्यांना उमगले.

आणि दरवर्षी आपण डोळ्यांनी पाहतो ते माउलींच्या सोहळ्यातले अश्व आठवा. अंकलीच्या शितोळे सरकारांकडून दोन अश्व येतात. एकावर जरीपटका घेतलेला स्वार असतो. दुसऱ्याची पाठ मोकळी असते. त्यावर माउली बसलेली आहे, हा आपला भाव. रिंगणात तो दौडत गेला की लाखो लोक त्याच्या टापांखालची माती कपाळाला लावतात. एवढा मान कोणत्या वाहनाला मिळतो? आणि तो मिळतो तो पाठीवर कोणी ‘मी’ बसलेला नसतो म्हणून.

आता ज्याने विचारले त्याला सरळ उत्तर. गाडी घ्यायची तर घे. पण आधी वर्षाची वैरण बाजूला काढ आणि ती शेताच्या खतातून, मुलांच्या शिक्षणातून, सप्ताहाच्या वर्गणीतून निघत नाही ना ते बघ. उन्हाळ्यात शहापूर तालुक्यातल्या बायाबापड्या टँकरची वाट पाहत असतात, हंड्यासाठी मैलभर चालतात. मुंबईला पाणी देणारी धरणे ज्या तालुक्यात, त्याच तालुक्यातली ही गोष्ट. त्या दिवसांत दारात पाइप लावून गाडी धुऊ नकोस, ओल्या फडक्याने पूस. रात्री कोणाला साप चावला, कोणाची सून अडली, तर मुरबाडला किंवा उल्हासनगरच्या मध्यवर्ती रुग्णालयात पोहोचवायला तुझी गाडी पहिली निघाली पाहिजे आणि मागची सीट खराब होईल हा विचार मनात येता कामा नये. शिवाय महिन्यातून एकदा गाडी दारात ठेवून एसटीने जा. नाक्यावर उभे राहताना लाज वाटली, तर गाडीने तुझ्यावर बैठक मारली आहे असे समज.

आणि सप्ताहाच्या कमिट्यांना हात जोडून विनंती. माघातल्या बैठका आता जवळ आल्या. कीर्तनकार ठरवताना तो कशातून येणार हे विचारूच नका. उलट ज्याच्या दारात मोठी गाडी आहे, त्याच्याकडे सेवा मागा. महाराजांना आणणे-पोहोचवणे त्याने करावे. संध्याकाळी हरिपाठाच्या आधी पाड्यांवर एक फेरी मारून ज्या म्हाताऱ्या माणसांना चालवत नाही, त्यांना मंडपात आणावे आणि कीर्तन सुटल्यावर घरी सोडावे. सात दिवसांत गाडीला चिखल लागेल, सीटवर बुक्का आणि चुरमुरे सांडतील. मालकाने आठव्या दिवशी ते झाडून काढावे आणि काल्याच्या प्रसादाला बसावे.

राम कृष्ण हरि.